पाण्याबद्दलचं एक वाक्य

मुलीचा फोन आला तेव्हा मी कोर्टातून नुकतीच घरी आले होते. काळा कोट खुर्चीच्या पाठीला अडकवला होता आणि गॅसवर चहा चढवला होता. मुलगी इंग्लंडात एका विद्यापीठात एम.ए. करत होती. तिथली दुपार म्हणजे महाडची संध्याकाळ, त्यामुळे ही तिची नेहमीचीच वेळ. एरवी ती आधी "काय केलंयस खायला?" असं विचारते. त्या दिवशी म्हणाली, "आई, घरात कोणी आहे का तुझ्याबरोबर?"

तिचे वडील गेल्यापासून घरात मी एकटीच असते, हे तिला माहीत होतं. तरी तिनं विचारलं.

"विद्यापीठाचा मेल आलाय. माझ्याविरुद्ध तक्रार झालीय. ज्यूद्वेषाची."

"कसल्या द्वेषाची?"

"ज्यूंच्या, आई. म्हणजे आपले सर. त्यांच्या लोकांचा मी द्वेष करते, असं."

चहा उतू गेला. गॅस बंद करायचंही मला सुचलं नाही.

सर म्हणजे आमच्या आळीच्या टोकाला राहणारे तिचे गणिताचे शिक्षक. बेने इस्रायली, म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या कोकणात राहिलेले ज्यू. गावातली जुनी माणसं त्यांच्या घराला अजून शनवार तेल्याचं घर म्हणतात. कधीकाळी त्यांचा तेलाचा घाणा होता आणि शनिवारी, त्यांच्या धर्मातल्या विसाव्याच्या वारी, तो बंद असायचा. घाणा गेला, भाऊबंद मुंबईला आणि तिथून इस्रायलला गेले. सरांची एकुलती एक मुलगीही लग्न करून तिकडेच गेली. सर मात्र इथेच राहिले. त्यांच्या दाराच्या चौकटीला एक छोटी नळी तिरकी ठोकलेली आहे, आत धर्मग्रंथातल्या ओळी असतात. माझी मुलगी लहानपणी शिकवणीला जाताना उड्या मारून त्या नळीला हात लावायची आणि सर म्हणायचे, "उंची वाढली की आपोआप पोचशील. आधी पाढे म्हण."

झालं होतं ते असं. गाझातल्या युद्धावर विद्यार्थ्यांची सभा होती. ज्याला वाटेल त्यानं उठून बोलायचं. ही उठली आणि तिनं आमच्या गावची गोष्ट सांगितली. चवदार तळ्यावर गुराढोरांना पाणी पिता येई, पण काही माणसांना नाही. त्या माणसांनी येऊन ओंजळीनं पाणी प्यायलं. आणि मग तळं बाटलं म्हणून गावातल्या आणि आसपासच्या मोठ्या घरांनी शेणमुताच्या घागरी ओतून ते शुद्ध करून घेतलं. ती म्हणाली, "मी पाणी पिणाऱ्यांच्या घरातली नाही. मी घागरी ओतणाऱ्यांच्या घरातली आहे." मग ती इस्रायल आणि गाझातल्या पाण्याकडे वळली. कुणाच्या विहिरी, कुणाच्या टाक्या, कुणाचे नळ बंद. जन्म बघून पाणी देणारी व्यवस्था टिकता कामा नये, गावातली असो की देशातली. टाळ्या पडल्या. आणि त्या टाळ्यांवर ती आणखी एक वाक्य बोलली: असा देश उभाच राहायला नको.

कुणीतरी मोबाइलवर घेतलेल्या चित्रीकरणात तेवढं शेवटचं वाक्यच होतं. तक्रार तिच्याच वर्गातल्या एका ज्यू मुलीनं केली होती.

मी वकील आहे. आजवरचं आयुष्य महाडच्या कोर्टात जमिनीच्या हद्दी, वाटण्या आणि वहिवाटी यांवर भांडण्यात गेलं. कायद्यात व्याख्येला काय किंमत असते ते मला ठाऊक आहे. शेताला बांध असतो तशी ती असते, आणि रात्रीतून बांध सरकतो तेही मी पाहिलेलं आहे. विद्यापीठ ज्यूद्वेषाची जी व्याख्या वापरतं, ती मुलीनं पाठवली आणि मी नीट बसून वाचली. मूळ व्याख्या दोन-चार ओळींची आणि तिच्याखाली उदाहरणं. इतर कुठल्याही देशावर होते तशी टीका झाली तर तिला ज्यूद्वेष म्हणू नये, असं स्पष्ट लिहिलं होतं. कायद्यानं ती बंधनकारक नाही, हेही होतं. पण त्या देशाचं अस्तित्वच वंशभेदी आहे असं म्हणणं हे उदाहरणांत होतं. सगळा संदर्भ लक्षात घ्यावा, असंही सुचवलं होतं. विद्यापीठानं हा मजकूर स्वीकारला होता आणि आता एक समिती माझ्या मुलीचं वाक्य त्याच्याशी ताडून बघणार होती.

कुणा माणसांचा द्वेष ओळखायला असं काहीतरी लागतंच, हे मला वाचताना पटत होतं. आणि माझ्या मुलीला त्यात अडकवणं किती सोपं आहे, हेही दिसत होतं. चौकशी होईपर्यंत तिला कुठल्याही सभेत बोलायची मनाई होती. अभ्यासक्रमातून काढलं, तर व्हिसाही जाणार होता.

दुसऱ्या दिवशी मी सरांकडे गेले. त्यांना सगळं आधीच माहीत होतं. मुलीनं त्यांनाही फोन केला होता.

"तुम्हाला राग आला का सर?" मी विचारलं.

त्यांनी आधी मोबाइलकडे बघितलं. तो समोरच टीपॉयवर होता. तिकडे सायरन वाजला की त्यांची मुलगी शेल्टरच्या खोलीत जाऊन त्यांना एक शब्द लिहायची, "आत". बाहेर आली की "बाहेर". दिवसभर ते त्या दोन शब्दांची वाट बघत असत.

"वकीलबाई, पोर खोटं बोलली नाही," ते म्हणाले. "पाण्याचं जे बोलली ते खरंच आहे. माझा जावईसुद्धा मानतो. पण ते शेवटचं... माझी नात त्याच देशात झोपते हो. तो उभा राहायला नको म्हणजे काय? तिच्यावर छप्पर नको?"

"तिला तसं म्हणायचं नव्हतं."

"मला ठाऊक आहे. मी तिला शिकवलंय. त्या वर्गातल्या पोरीला कुठून ठाऊक असणार?"

मग म्हणाले, "पण तिला काढू नये. तिला काढलं तर ती पोर आयुष्यभर म्हणेल, ज्यूंनी मला काढलं. त्यानं कुणाचं भलं होणार आहे?"

असं बोलणं कोर्टात चालत नाही, पण मला त्यानं धीर आला. तो फार दिवस टिकला नाही.

ते चित्रीकरण गावात पोचलं. कुणी पोचवलं कळलं नाही. महाड-पोलादपूरच्या बातम्या टाकणाऱ्या एका व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर मुलीचा फोटो आला, खाली "महाडच्या लेकीनं परदेशात काय केलं बघा". बार रूममध्ये मी गेले की बोलणी थांबायला लागली. एक ज्येष्ठ वकील चहा देता देता म्हणाले, "मुलं हुशार असली की असं होतं." त्यांनी साखर घालतात तसं ते हलक्या हातानं म्हटलं.

पोलादपूरहून दिरांचा फोन आला. आमचं मूळ घर तिकडे, डोंगराच्या पायथ्याला. दीर भातशेती बघतात, माणूस रागीट असला तरी मनानं वाईट नाही.

"वहिनी, पोरीला सांगा गप ऱ्हायला."

"भावोजी, ती चौकशी तिकडची आहे. मी बघतेय ना..."

"तिकडचं मरू दे. तिकडचा देश ऱ्हायला काय नि पडला काय, माझं काय जातंय? पन आमच्या आज्याचं नाव कशाला काढलंन? घागरी ओतल्या म्हनं! इथं चार मानसांत बसायची सोय नाय ऱ्हायली. परवा एकानं मला इचारलंन, तुमच्या घरात त्या घागरी अजून हायत काय?"

"ते खरं आहे ना पण?"

"खरं हाय म्हनून काय झालं?" ते म्हणाले आणि फोन ठेवला.

त्याच आठवड्यात काही तरुण मंडळी सरांकडे गेली. सरांनी मला नंतर सांगितलं. हातात शाल, नारळ आणि तिकडच्या देशाचा एक नवाकोरा झेंडा. त्यांना सरांचा सत्कार करायचा होता. "तुमचा देश एक नंबर सर, कसा धडा शिकवतो बघा," असं एक जण म्हणाला. सर म्हणाले, "माझा देश? बाबांनो, पुरात तुमच्याबरोबर माझं घर बुडालं होतं." पोरं हसली. मग त्यांच्यातल्या एकानं मोबाइल काढला. "सर, एक छोटा व्हिडिओ द्या. त्या पोरीनं तुमच्या धर्माचा अपमान केला, एवढंच बोला."

"ती माझी विद्यार्थिनी आहे," सर म्हणाले. "तिला काय बोलायचं ते मी तिला बोलेन."

नारळ तिथेच टीपॉयवर ठेवून ती मंडळी उठली. उठताना त्यांच्यातला एक शांतपणे म्हणाला, "म्हणजे तुम्हीपण त्यातलेच." कशातले, ते त्यानं सांगितलं नाही.

नंतरच्या शुक्रवारी सकाळी सरांनी मला बोलावून घेतलं. गावाबाहेर ओढ्याच्या काठाला त्यांच्या लोकांची छोटी दफनभूमी आहे. आता तिथे कुणाला पुरत नाहीत, पुरायला माणसंच नाहीत. सर महिन्यातून एकदा जाऊन झाडझूड करतात. आम्ही गेलो तेव्हा फाटक उघडं होतं. त्यांच्या आईच्या कबरीवरचा दगड मधोमध फुटला होता. वर हिब्रू आणि खाली मराठी अक्षरं होती, त्यातली मराठी अर्धी गवतात पडली होती. आणि आतल्या भिंतीवर लाल ऑइलपेंटनं लिहिलं होतं: चालते व्हा.

रंग ओला नव्हता, पण वास येत होता. सर त्या भिंतीसमोर उभे राहिले आणि मी त्यांच्या मागे. कुणी लिहिलं असेल? त्या युद्धाचा राग इथे काढणारं कोणी, की सत्काराला नकार मिळालेलं कोणी? त्या दोन शब्दांवरून काहीच कळत नव्हतं. कुणाच्याही हातून ते उतरू शकले असते.

"इथून चालते व्हा," सर म्हणाले, "आणि तिथे उभे राहू नका. मग आम्ही जायचं कुठे, वकीलबाई?"

त्यातलं दुसरं वाक्य माझ्या मुलीचं होतं.

पोलीस ठाण्यात मीच तक्रार लिहायला बसले. दफनभूमीत घुसून विटंबना, मालमत्तेचं नुकसान, आणि भिंतीवरच्या शब्दांसाठी दोन समाजांत तेढ निर्माण केल्याचं कलम. हे कलम जड असतं. ते लागलं की पोलीस हलतात. मी तसं सरांना समजावत होते, तेवढ्यात समोरचे अधिकारी घसा खाकरून म्हणाले, "मॅडम, एक सांगू का? तेढीच्या कलमाखाली आमच्याकडे आधीच एक अर्ज आलाय."

"कुणाविरुद्ध?"

"तुमच्या मुलीविरुद्ध. परदेशात बोलली असली तरी व्हिडिओ इथे पसरला ना. गुन्हा दाखल केलेला नाही अजून. वरून विचारणा चाललीय." त्यांनी आवाज खाली आणला. "आता तुम्हीच या शब्दांना तेढ म्हणून लिहून दिलंत, तर तो अर्ज मला बाजूला ठेवता येणार नाही. तुम्ही वकील आहात, तुम्हाला कळतं."

मला कळत होतं. धमकी होती की मदत, हे मात्र आजही कळलेलं नाही. माझा पेन तिथेच थांबला. एका बाजूला फुटलेला दगड आणि लाल अक्षरं, दुसऱ्या बाजूला माझी पोर. पक्षकार शेजारी बसलेला असताना मी स्वतःच्या घराचा विचार करत होते.

सरांनी माझ्यासमोरचा कागद हळूच आपल्याकडे ओढला. "ते कलम नको," ते म्हणाले. "दगड फोडलाय, भिंत खराब केलीय, आत घुसलेत. तेवढं लिहा."

"सर, तुमचा हक्क आहे. माझ्यामुळे सोडू नका."

"दगड कुणी फोडला ते शोधू देत त्यांना. शब्दाचं मी बघतो."

बाहेर येऊन आम्ही एसटी स्टँडकडे चालत निघालो. वाटेत ते म्हणाले, "खरं सांगू? दगडापेक्षा मला ते शब्दच जास्त लागले. शब्दाचं काय, असं म्हणणाऱ्याला कुणी कधी काही म्हटलेलं नसतं." मग थोडं पुढे गेल्यावर, "तरी नको. आज मी कुणाच्या तोंडाला ते कलम बांधलं, की उद्या कुणाच्या तोंडाला बांधायचं ते मी ठरवणार नाही."

रविवारी त्यांनी स्वतः चुन्याची बादली नेऊन ती भिंत रंगवली. लाल रंग चुन्यातून वर येत राहिला. तीन हात दिले तरी उन्हात बघितलं की तो वाचता येत होता.

मुलीच्या सुनावणीच्या आदल्या संध्याकाळी मी तिला दफनभूमीचं सांगितलं. तोवर लपवलं होतं. सरांचं वाक्यही जसंच्या तसं सांगितलं.

"सर मला काहीच बोलले नाहीत," ती म्हणाली.

मग तिनंही एक गोष्ट सांगितली. तक्रार करणाऱ्या मुलीवर त्याच महिन्यात बसमध्ये एक माणूस थुंकला होता, गळ्यातलं ज्यूंच्या सहा टोकांच्या चांदणीचं लॉकेट बघून. तिनं तेव्हाही तक्रार केली होती, तिचं पुढे काही झालं नव्हतं. "आता ती लॉकेट कपड्याच्या आत घालते. लायब्ररीत माझ्यासमोर बसायची, आता दुसऱ्या मजल्यावर बसते. आई, तिला माझी भीती वाटते. माझी!"

सुनावणीत काय झालं ते तिनं मला नंतर सांगितलं. समितीला एवढंच हवं होतं, की तिचं वाक्य उदाहरणात बसतं की नाही. ती म्हणाली, "पाण्याबद्दल मी जे बोलले त्यातला एक शब्दही मी मागे घेणार नाही. शेवटचं वाक्य मी आता बोलणार नाही. तुमच्या व्याख्येमुळे नाही. माझ्या गावात एक माणूस आहे, त्यानं विचारलं की मग आम्ही जायचं कुठे, आणि माझ्याकडे उत्तर नव्हतं." समितीतल्या एकानं विचारलं, म्हणजे तुम्ही आरोप मान्य करता? ती म्हणाली, नाही. त्यांनी काय टिपून घेतलं देव जाणे.

तिला काढलं नाही. लेखी ताकीद मिळाली, एक प्रशिक्षण करावं लागलं, आणि पुन्हा असं काही झालं तर हे प्रकरण विचारात घेतलं जाईल असं कळवण्यात आलं. त्या दुसऱ्या मुलीला ही शिक्षा फारच किरकोळ वाटली असं कानावर आलं. माझ्या मुलीला ती अन्यायाची वाटली. दोघीही त्याच वर्गात परीक्षेला बसल्या.

त्यानंतर तिचे फोन येत राहिले, पण ती हवापाण्याचं बोलायची. थंडी किती, भाजी काय मिळाली. एकदा मी युद्धाचं काही काढलं तर पटकन म्हणाली, "आई, फोनवर नको." पूर्वी तिच्या बडबडीनं माझा कान दुखायचा.

पदवी घेऊन ती परत आली. आल्याच्या आठवड्यात पोलीस ठाण्यातून निरोप आला, जबाब द्यायला या. मी तिच्याबरोबर गेले. तेच अधिकारी होते. त्यांनी सौजन्यानं खुर्ची दिली, जबाब लिहून घेतला आणि म्हणाले, "अर्ज निकाली काढलेला नाही मॅडम. राहू दे पडून. कुणी उकरला नाही तर प्रश्न नाही." सरांच्या तक्रारीबद्दल विचारलं तर म्हणाले, तपास चालू आहे.

तिथून आम्ही थेट सरांकडे गेलो. तिनं चौकटीवरच्या नळीला सहज हात लावला आणि आत गेली. सर थकले होते. त्यांच्या दारासमोरच्या खांबावर कुणीतरी त्यांच्या सुरक्षेसाठी म्हणून कॅमेरा बसवला होता. कुणी, ते त्यांना विचारूनही कळलं नव्हतं. तो रस्त्याकडे नव्हता, त्यांच्या ओटीकडे वळवलेला होता.

मी आत चहा करायला गेले. ओटीवर ती दोघं बोलत होती. आधी हळू, मग आवाज चढले. तिनं जोरात म्हटलेलं ऐकू आलं, "पण सर, मग त्या लोकांनी काय करायचं?" आणि त्यांचं तेवढंच जोरात, "मी कुठे म्हणतो गप्प बसायचं!" कित्येक महिन्यांनी मी तिला असं भांडताना ऐकत होते. मला बरं वाटलं. मी मुद्दामच चहा उकळू दिला.

तेवढ्यात बाहेर एक मोटारसायकल आली, सरांच्या दारासमोर तिचा वेग कमी झाला, आणि ती तिथेच इंजिन चालू ठेवून थांबली. ओटीवरचे दोन्ही आवाज एकदम बंद झाले.

मी कप घेऊन बाहेर आले तोवर मोटारसायकल निघून गेली होती. सर आणि मुलगी समोरासमोर बसली होती. कोण होतं, हे कुणी विचारलं नाही.

"यंदा पोह्याचा भाव काय आहे हो, वकीलबाई?" सरांनी विचारलं. मी सांगितला. मुलीनं कप उचलला आणि आम्ही चहा पिऊ लागलो.